पहिल्या कापणीचा जावई

२१ नोव्हेंबर

पोचलो एकदाचे हानसिलला. बसमध्ये उलट्यांनी बायकोचा, बुनीचा, जीव नकोसा झाला होता, पण गावाची खिंड दिसली आणि बाई अशी खुलली की मीही उतरल्यावर बसवाल्याला उगाचच हात हलवला. सासूबाई फाटकाबाहेर उभ्या होत्या. बाई बुटकी, पाठ ताठ, मनगटं मात्र पैलवानाची. आलात जावईबापू, बरं केलंत, म्हणाल्या आणि माझ्या खांद्यावरची वळकटी काढून घेतली. जावई आला की अंडी देणारी कोंबडी कापायची, हा आमच्याकडचा मान. त्यांनी दोन कापल्या, आणि चारही तंगड्या माझ्या वाडग्यात. खोटं कशाला बोलू, लग्न झाल्यापासून इतका लाड कुणी केला नव्हता.

घरात तीन पायली जव असला तर कोण शहाणा सासुरवाडीला राहायला जाईल, असं आमचे वडील म्हणायचे. तीन पायली सोडा, माझ्याकडे तीन मुठीही उरला नाही. शेजारच्या शेवयांच्या दुकानातली चूल भडकली आणि देगू शहरातलं माझं केशकर्तनालय तिच्याबरोबर गेलं. वाचला तो एक वस्तरा, एक मशीन आणि धार लावायचा चामडी पट्टा. पण इथं आलो ते त्यापायी नाही. बुनीला तिसऱ्यांदा दिवस गेलेत. आधीची दोन्ही तिसऱ्या महिन्यातच गेली. दुसऱ्या वेळी तर बुनी महिनाभर भिंतीकडे तोंड करून पडून होती. सासूबाईंनी निरोप धाडला की पोरीला माझ्याकडे आणा, माझ्या घरात काही गळत नाही. वसंतात भाजीची पहिली कापणी झाली की खुशाल घेऊन जा. एका हिवाळ्याचा तर प्रश्न आहे. हे पोर टिकणार असेल तर मी घरजावईच काय, गाढव म्हणूनही राहीन.

एक गोष्ट खटकली. सासऱ्यांना वाकून नमस्कार करायचा होता. ते अंथरुणाला खिळलेत, उजेड डोळ्यांना सोसत नाही म्हणे. मागच्या खोलीच्या बंद दाराकडे तोंड करून मला गार अंगणात कपाळ टेकायला लावलं. आतून कुणी साधं 'हूं'सुद्धा केलं नाही.

२६ नोव्हेंबर

लाड संपले, कामाला जुंपलं. घरामागे बुचूचे वाफे आहेत. बुचू म्हणजे चपटी पात, वास लसणीचा आणि जात महाचिवट. बर्फ पडला की वरून वाळते, खाली मूळ जागच्या जागी. मेली नाही, निजली, असं सासूबाई म्हणतात. एकदा लावली की वर्षानुवर्षं कापत बसा. मी सांगितलं की देगूत खिडकीत तेलाच्या डब्यात मीही लावली होती, पण ती दोरा होऊन गेली. डब्यात लावलीत तर डब्याएवढंच येणार, म्हणाल्या. जिभेला हाड नाही बाईच्या.

मग मला विळा धरायला शिकवलं. जमिनीपासून दोन बोटं सोडून, एका झटक्यात कापायचं. कापल्यावर पाणी घालायचं नाही, राख लावायची. चार-पाच वर्षांनी गड्डा जुना होतो, पात केसासारखी बारीक येते, मग तो उपटून नवा लावायचा. मी म्हटलं, वीस वर्षं लोकांच्या गळ्यावर वस्तरा फिरवलाय, मला कापायला काय शिकवता? तर म्हणतात, गळ्याचं कौतुक नको, तो काय पुन्हा फुटतो थोडाच! मी हसलो. बाई विनोदी आहे म्हणायची.

बुचूला जुनी माणसं घरमोड म्हणतात. इतकी गुणाची, की घर मोडून त्या जागी लावावी. इथं खरंच मोडलंय. मागच्या खोलीची जमीन उखडून माती भरलीय. चुलीचा धूर त्या मातीखालून जातो, त्यामुळे हिवाळाभर ऊब. खिडक्यांवर गवताच्या चटया ठोकल्यात. बाहेर हिरवी येणारी पात आत अंधारात पिवळी आणि लुसलुशीत येते. सासरे त्याच खोलीत. आजारी माणूस आणि भाजी एकत्र कशी, असं विचारलं. ऊब दोघांनाही लागते, म्हणाल्या. चुलीत लाकडं सारणं माझ्याकडे. आत पाऊल टाकायचं नाही.

५ डिसेंबर

गावाच्या तोंडात मारावीशी वाटते. आमच्याकडे लग्न होऊन आलेल्या बाईला तिच्या माहेरच्या गावावरून हाक मारतात. इथं मला मारतात. देगूवाला! काय देगूवाला, सासूनं पाणी भरायला लावलं का? पाणवठ्यावरच्या बायका पदराआड फिदीफिदी हसतात. सासऱ्यांनाही सगळे गम्पोवाला म्हणतात, कारण तेही गम्पोहून, समुद्राकाठून, घरजावई म्हणूनच आलेले. म्हणजे ह्या घरात पुरुषांचीच पाठवणी होते.

अंगणात खुर्ची मांडून लोकांचे केस कापायला लागलोय, हात तरी गंजू नये. शेजारचा चिलबोक म्हातारा पहिला बसला. केस चार, बडबड चारशे. पहिली कापणी जावयालासुद्धा देऊ नये, ही म्हण त्यानं मला ऐकवली. ती मला काय नवी? वसंतातली पहिली पात म्हणजे अंगात रग, ती सासू आपल्या नवऱ्याला खाऊ घालते, परक्याच्या पोराला कशाला! सासूबाई ओट्यावरून ऐकत होत्या. शांतपणे म्हणाल्या, "लोकांचं लोकांपाशी. आमच्यात पहिल्या कापणीला जावईपण देतात."

इकडची माणसं बोलताना शब्दाचं शेपूट गिळतात. बुनीसुद्धा माहेरी आल्यापासून 'घरी जाते'ऐवजी 'घर जाते' म्हणायला लागलीय. म्हणजे जावयालापण देतात. मला बरं वाटलं. जीभ तिखट असली तरी मनाची उदार आहे बाई. चिलबोक मात्र केस अर्धे टाकून उठला आणि गेला.

२२ डिसेंबर

तिसरा महिना सरला! बुनी ठणठणीत आहे. भूक लागते, गाल वर आलेत. आज ती गुणगुणत होती तेव्हा मी चुलीपाशी जाऊन डोळे पुसले. धुराचं निमित्त होतं.

आतली पिवळी पात रोज बुनीच्या वाडग्यात असते. आजपासून माझ्याही. तिखट घालून मुरवलेली. काय चव आहे! गोड, आणि मागून मांसासारखी काहीतरी. बुनी आधी माझ्या वाडग्याकडे बघत राहिली आणि मग आईकडे. आई म्हणाली, जेव.

दुपारी लाकूड फोडताना डाव्या करंगळीचं पेर उडालं. मी बोंब मारली. सासूबाईंनी बोट धरून बघितलं, चिमूटभर राख दाबली, म्हणाल्या, पाणी लावू नका. पेर कोंबडीनं उचललं.

६ जानेवारी

लिहावं की नाही कळत नाही. करंगळीला पेर आलंय.

जखम भरली असं नाही म्हणत मी. पेर आलंय. नखासकट. रंग पिवळट, दाबलं तर मऊ, चिमटा काढला तर कळत नाही. वास घेतला आणि हात लांब धरला.

सासूबाईंना दाखवलं तर इतक्या आनंदल्या! असं हसताना मी त्यांना पाहिलं नव्हतं. बोट उलटंपालटं करून बघितलं, पेराखाली दोन बोटं ठेवून मोजल्यासारखं केलं आणि म्हणाल्या की लागलं बरं का. बुनी सांडशी टाकून बाहेर निघून गेली. नंतर विचारलं तर म्हणाली मळमळत होतं.

१८ जानेवारी

दाढी पिवळी येतेय. सकाळी करतो, दुपारी पुन्हा. केस असा नसतो. हा चपटा आहे. वीस वर्षांत हजार गाल पाहिलेत मी, गोऱ्या शिपायांचेसुद्धा. असा एक नाही.

चिलबोकला समोरून धरलं. उरलेले केस कापून घे म्हटलं. त्याची नजर करंगळीवर गेली. माझा हात झटकून म्हणाला, लांब हो. मी चिडलो, म्हटलं मी काय महारोगी आहे? भांडण जुंपलं. सगळं गाव कुंपणावर. कुणी मध्ये पडलं नाही. शेवटी म्हातारा खाली बघत म्हणाला, "गम्पोवाल्याचंही बोटापासूनच सुरू झालं होतं."

पुढं विचारलं तर दार लावून घेतलं. माहीत आहे सगळ्यांना. सगळ्यांना माहीत आहे आणि पाणवठ्यावर हसतात. नासोत मेले.

६ फेब्रुवारी

सासूबाई बाजाराला. बुनी झोपलेली. भरदुपारी आत गेलो.

मला अंधारात दिसतं हल्ली. उजेडातच डोळे चुरचुरतात.

सासरे कमरेपर्यंत मातीत आहेत. छातीवर पात. गळ्यावर पात. दंड जिथं असतात तिथं पात, दोन बोटं सोडून कापलेली, वर राख. मी न्हावी आहे. लावलेलं काय आणि आतून उगवलेलं काय, मला सांगावं लागत नाही. बुनीच्या वाडग्यात हे होतं. माझ्या वाडग्यात हे होतं.

ओकलो. मातीतच ओकलो.

ते बोलतात. तोंड ठेवलंय. गम्पोला मासळीचा मोसम चालू झाला का, विचारलं. मी म्हटलं, माहीत नाही. मग म्हणाले, "माझं आता बारीक येतं. जुना गड्डा झालोय. देगूला धाडली तीही अशीच, बुनीची दोन त्यानंच गेली. नवा लागतो, म्हणून तुला आणलं."

ह्या घरच्या पोरींच्या पोटात जीव टिकतो तो आतल्या पातीवर, म्हणाले, आणि आतली पात येते ती घरच्या जावयावर. त्यांच्या सासऱ्यालाही त्यांनी असंच पाहिलं होतं, ह्याच जागी. बाहेर हिरवी फुटायच्या आत आतला नवा लावतात, फुटली की त्याची पहिली कापणी.

जावईपण देतात. शेपूट गिळलंच नव्हतं तिनं. नीट बोलली होती, मीच मूर्ख. जावयाला नाही. जावई.

९ फेब्रुवारी

बुनीला सगळं सांगितलं. ऐकून दचकली नाही. म्हणजे—

म्हणजे तिलाही माहीत होतं.

ओरडलो. तोंडाला येईल ते बोललो. ती रडली नाही, म्हणाली, "अहो, दोन वेळा मी रिकामी उठले. तुम्ही दुकानात निघून जायचात. मी देगूच्या त्या खोलीत भिंतीपाशी असायचे."

  पण मरायला लावलेलं रोप नाही मी. म्हटलं, उद्या सकाळी देगू. पाचवा महिना लागलाय, आता टिकेल, शहरात दवाखाने आहेत. मी मजुरी करीन, रस्त्यावर बसून हजामती करीन. चल. तिनं वळकटी बांधायला घेतली. मग चल म्हणाली.

१० फेब्रुवारी

निघालो. सासूबाईंनी अडवलं नाही. ओट्यावर बसून गहू निवडत होत्या. वर बघितलंसुद्धा नाही.

उन्हात पाय जड. चालताना तळवे जमिनीतून सोडवून घ्यावे लागत होते— खरंच, ओढून— बुटात काहीतरी तटतट तुटायचं. तरी चाललो. खिंडीत बस दिसली. हात केला.

बुनी झाडामागे गेली होती. किंचाळली. जाऊन बघतो तर घागऱ्यावर रक्त. मांडीवरून खाली. पोट धरून बसलेली. जातंय, म्हणाली, अहो, हेही जातंय.

बस उभी होती. दार उघडं होतं. चालक ओरडत होता, चढताय का. दवाखाना दोन तासांवर. घर डोळ्यांसमोर.

पाठीवर घेतलं तिला. उतरलो खाली. रस्ताभर तिला सांगत होतो की काही होणार नाही, धरून ठेव. मीच सांगत होतो.

सासूबाईंनी मागच्या खोलीचं दार उघडून ठेवलं होतं. मी विचारलं, टिकेल का? तुमच्यावर आहे, म्हणाल्या.

बूट काढले.

२४ फेब्रुवारी

दुखत नाही. हे लिहून ठेवतो.

माती गरम. गुडघ्यांपर्यंत होती, आता मांड्यांच्या वर. सासऱ्यांना काढलं, शेजारी चटईवर ठेवलं. हलके होते फार. सकाळी पाहिलं तर वाळकी पात— केरात. सासूबाईंनी झाडून नेलं. नवऱ्याला. 

रक्त थांबलंय. बुनी स्वतः येऊन सांगून गेली. चूल आता ती सारते.

वही राहू दे म्हटलं. राहू दिली. कोण वाचणार.

७ मार्च

पोर फिरलं! बुनीनं माझा हात पोटावर ठेवला. उजवा. डावा कळत नाही आता, त्याला तुरे आलेत. उजव्याला कळलं. मासा उसळल्यासारखं.

हसलो दोघं. ह्या खोलीत. मग तिनं विळ्याला धार लावायला माझाच पट्टा मागितला.

सासूबाईंना विचारलं, मुलगा झाला तर? ह्या घरात मुलीच टिकतात, म्हणाल्या. आणि मुलीला जावई लागतो. त्याचं आत्तापासून काय—

माझी मुलगी. माझ्या मुलीचा नवरा. कोणीतरी देगूचा, गम्पोचा— कोंबड्या खाऊन खूश होणार— नाही. सांगायला हवं तिला. बोलता येतं तोवर—

१५ मार्च

बाहेर हिरवी फुटली म्हणे.

डावा गेला. छाती गेली. एका झटक्यात, दोन बोटं सोडून. हात चांगला आहे बुनीचा. राख लावली. रडत लावली.

मग बोलली. आता सांगते, म्हणाली, आता तुम्ही कुठं जाणार. खिंडीतलं रक्त पोटातलं नव्हतं. झाडामागे, वळकटीत लपवून आणलेल्या विळ्यानं मांडी चिरली होती. पोराला काही झालंच नव्हतं त्या दिवशी. जखम दाखवली. भरलीय.

मी विचारलं— म्हणजे बसमध्ये चढलो असतो तर— पोर टिकलं असतं? माझ्याशिवाय? देगूत?

कोण जाणे, म्हणाली. जोखीम कोण घेणार. दोनदा घेतली होती.

हात सरळ करा म्हणते. उजवा. थांब म्हटलंय. एवढं लिहू दे, पोरीसाठी, एक ओळ. थांबलीय. विळा मांडीवर ठेवून थांबलीय बिचारी. पोरी, तुझी आई जेव्हा म्हणेल की तुझ्या बापानं आपल्या मनानं— तेव्हा विचार तिला, खिंडीत त्या दिव